अर्ध्या गुणाने हुकलेल्यांचं पुढे काय होतं?

स्पर्धापरीक्षेच्या निकालाच्या दिवशी पुण्यात सदाशिव पेठेतल्या कुठल्याही अभ्यासिकेत जा. लोकसेवा आयोगाचं संकेतस्थळ उघडता उघडत नाही, तेवढ्यात कुणाच्या तरी टेलिग्रामवर पीडीएफ येऊन पडते आणि जो तो शोधाच्या चौकटीत आपला बैठक क्रमांक टाकतो. ज्यांना तो सापडत नाही ते मग कट-ऑफ बघतात. पन्नास गुणांनी गेलेला पोरगा संध्याकाळी मेसवर जेवायला येतो. अर्ध्या गुणाने हुकलेला येत नाही.

त्याला धीर देणारे पुष्कळ भेटतात. ‘अपयश ही यशाची पहिली पायरी’ हे वाक्य तर त्याने स्वतःच निबंधात वापरलेलं असतं. पण ते खरं आहे का? यशस्वी माणसांना विचारून याचं उत्तर मिळत नाही, कारण पायरीवरून घसरून खालीच राहिलेल्यांना मुलाखतीला कोणी बोलावत नाही. उत्तर हवं असेल तर एकाच दिवशी, एकाच रेषेच्या अल्याड आणि पल्याड पडलेली माणसं घ्यायला हवीत आणि पुढची बरीच वर्षं दोघांचा माग काढायला हवा.

अमेरिकेत नॉर्थवेस्टर्न विद्यापीठातल्या यांग वांग, बेंजामिन जोन्स आणि दाशुन वांग यांनी हेच केलं. तिथल्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेकडे (एनआयएच) तरुण शास्त्रज्ञ संशोधनाच्या अनुदानासाठी अर्ज करतात. तज्ज्ञांची समिती अर्जांना गुण देते, क्रमवारी लागते आणि पैसे संपतात तिथे रेघ मारली जाते. या मंडळींनी १९९० ते २००५ या काळातले अर्ज काढले आणि रेघेच्या अगदी लगतचे तेवढे वेगळे केले: जेमतेम मिळालेले आणि थोडक्यात हुकलेले. अर्ज करण्याआधीची दोघांची कामगिरी पाहिली, तर फरक जवळजवळ नाहीच. रेघेपाशी कोण कुठल्या बाजूला पडेल हे बरंचसं नशिबावर असतं. त्या दिवशी समितीत कोण बसलं होतं, यावरही गुण हलतात. म्हणजे नशिबानेच आयता प्रयोग मांडून दिला होता.

२०१९ साली ‘नेचर कम्युनिकेशन्स’मध्ये निष्कर्ष छापून आले. पहिला भाग कडू आहे. थोडक्यात हुकलेल्यांपैकी या अनुदानव्यवस्थेतून कायमचं बाहेर पडणाऱ्यांचं प्रमाण जिंकलेल्यांपेक्षा दहा टक्क्यांहून जास्त होतं. एका नकाराने माणसं खरोखर गळतात.

दुसरा भाग मात्र अनपेक्षित होता. जे टिकले त्यांनी पुढच्या काळात जिंकलेल्यांच्या तोडीस तोड शोधनिबंध लिहिले, आणि त्यातले गाजलेले निबंध तर जिंकलेल्यांपेक्षा जास्त निघाले. गाजलेला म्हणजे त्या विषयात त्या वर्षी सर्वाधिक संदर्भ दिल्या गेलेल्या पाच टक्क्यांतला. जिंकलेल्यांच्या १३.३ टक्के निबंधांना हे जमलं, हुकलेल्यांच्या १६.१ टक्के निबंधांना. तेही सुरुवातीला हातात पैसे कमी असताना.

इथे चाणाक्ष वाचक हरकत घेईल: कच्चे गळाले, पक्के उरले, मग सरासरी वाढणारच! संशोधकांनाही ही शंका आली होती. त्यांनी जिंकलेल्यांमधले सगळ्यात कमी कामगिरीचे लोक मुद्दाम तितक्याच प्रमाणात वगळून पुन्हा हिशेब केला. फरक कमी झाला, पण पुसला गेला नाही. नुसत्या चाळणीने त्याचा उलगडा होत नाही. नकाराने माणसात काहीतरी बदललं असावं. नेमकं काय, यावर मी तरी पैज लावणार नाही.

आता नाण्याची दुसरी बाजू, कारण ती न सांगणं ही फसवणूक होईल. नेदरलँड्समध्ये असाच अभ्यास झाला आणि २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथे रेघेच्या जरासे वर असलेल्यांनी पुढच्या आठ वर्षांत जरासे खाली असलेल्यांच्या दुपटीहून अधिक निधी मिळवला. ज्याच्या पदरात पडलं, त्याच्याच पदरात आणखी पडत गेलं. म्हणजे अपयश आपोआप सोनं होत नाही. बऱ्याचदा ते महागच पडतं. पण ही दरी कशामुळे वाढली, याचं एक कारण बघण्यासारखं आहे. हुकलेल्यांनी पुढे अर्जच कमी केले. सगळे दरवाजे बंद झाले नव्हते, काही यांनी ठोठावलेच नाहीत.

ठोठावण्याचं महत्त्व आणखी एका आकडेवारीत दिसतं. रोबेर्ता सिनात्रा, आल्बर्ट-लाझ्लो बाराबाशी आणि सहकाऱ्यांनी २०१६ साली ‘सायन्स’मध्ये शास्त्रज्ञांच्या कारकिर्दी निबंधागणिक मांडल्या. एखाद्याचं सर्वांत गाजलेलं काम पहिलं असेल, मधलं की शेवटचं? कुठलंही असू शकतं, सारख्याच शक्यतेने. मग मोठी कामं तरुणपणी जास्त झालेली का दिसतात? तरुणपणी माणसं जास्त निबंध लिहितात म्हणून. लॉटरीची तिकिटं जास्त काढली, इतकंच.

हे सगळं पेठेतल्या पोरांना लागू होतं का? अर्धवट होतं, आणि तो अर्धवटपणा समजून घेणं महत्त्वाचं आहे. यूपीएससीची अंतिम यादी २०२५ गुणांवर ठरते. तिथे एक गुण म्हणजे सुमारे ०.०५ टक्के. त्यातले २७५ गुण मुलाखतीचे. एवढ्याशा फरकाने कुणाची कुवत मोजली जात नाही, हे निःसंशय. पण हुकलेले ते शास्त्रज्ञ तोच अर्ज वर्षानुवर्षं घोकत बसले नव्हते. ते प्रयोगशाळेत काम करत होते, निबंध छापत होते. अनुदान हा त्या कामाचा एक टप्पा होता. स्पर्धापरीक्षेत फाटकाबाहेरचा काळ पुष्कळदा नुसता वाट बघण्यात जातो. त्यामुळे ‘टिकून राहा’ याचा अर्थ ‘सहावा अटेम्प्टही दे’ असा मी काढणार नाही. ज्या विषयाची, ज्या कामाची ओढ होती त्यात टिकणं वेगळं आणि एका परीक्षेत टिकणं वेगळं.

सोडणंही पाप नाही. अर्थतज्ज्ञ स्टीव्हन लेव्हिट यांनी एका संकेतस्थळावर लोकांना चक्क नाणं उडवून दिलं: नोकरी सोडू का, पुन्हा शिकायला लागू का, अशा प्रश्नांवर अडकलेल्यांना. वीस हजारांहून जास्त वेळा नाणी उडली. छाप पडली की ‘बदल कर’. मोठ्या निर्णयांत ज्यांनी बदल केला ते सहा महिन्यांनी जास्त समाधानी होते. आईबाबांना हे वाचून दाखवताना जपून!

बाकी, सगळं पंचविशीपर्यंत ठरून जातं ही भीती तर शास्त्रात बसतच नाही. मेंदूच्या पुढच्या भागात, जिथे नियोजन आणि संयमाची कामं चालतात, पेशींमधल्या जास्तीच्या जोडण्यांची छाटणी विशी ओलांडल्यावरही चालू असते. ‘मेंदू पंचविसाव्या वर्षी पूर्ण होतो’ हे वाक्य समाजमाध्यमांवर फिरतं, पण मेंदूला असा वाढदिवस नाही. स्वभावाचंही तेच. तीच माणसं वर्षानुवर्षं तपासणाऱ्या ९२ अभ्यासांचं एकत्रित विश्लेषण २००६ मध्ये झालं. जबाबदारीने वागणं, डोकं शांत ठेवणं हे गुण सर्वांत जास्त वाढतात ते विशी ते चाळिशीच्या दरम्यान. तेविसाव्या वर्षी ‘माझ्यात चिकाटीच नाही’ असं म्हणणारा पोरगा पुढच्या पंधरा वर्षांचा हिशेब न करताच निकाल लावून मोकळा होतो.

मुलाखतीपर्यंत पोहोचून हुकलेल्या उमेदवारांची माहिती, त्यांची संमती असेल तर, यूपीएससी आता ‘प्रतिभा सेतू’ नावाच्या पोर्टलवर नोकरी देणाऱ्या संस्थांना दाखवते. त्यात दहा हजारांहून जास्त जण आहेत. ज्या आयोगाने त्यांना रेघेच्या पलीकडे ठेवलं, तोच आयोग इतरांना सांगतो आहे की यांच्याकडेही बघा.