खरा परका आणि सोंगातला परका

अठराव्या शतकातल्या इंग्लंडबद्दल वाचायला घेतलं की पत्ररूपातली दोन पुस्तकं हमखास समोर येतात. दोन्हींत एक परदेशी माणूस लंडनमध्ये राहून इंग्रजांच्या चालीरीती पाहतो आणि लिहून कळवतो. एक व्हॉल्तेर या फ्रेंच लेखकाचं, १७३३ साली लंडनमध्ये छापलेलं. दुसरं १७६२ चं, लिएन ची अल्तांगी नावाच्या चिनी तत्त्वज्ञाच्या पत्रांचं. 'परक्यांना दिसलेलं इंग्लंड' म्हणून दोन्ही एकाच गठ्ठ्यात बांधली जातात. पण व्हॉल्तेर खरोखर इंग्लंडात जाऊन राहिला होता, आणि अल्तांगी कधी जन्मालाच आला नाही. ऑलिव्हर गोल्डस्मिथ या आयरिश लेखकाने 'पब्लिक लेजर' या लंडनच्या वर्तमानपत्रात १७६० पासून रंगवलेला तो बहुरूपी. गोल्डस्मिथने चीन पाहिलाही नव्हता.

व्हॉल्तेर हौसेने प्रवासाला निघाला नव्हता. पॅरिसमध्ये रोहान घराण्यातल्या एका सरदाराशी त्याची बाचाबाची झाली, सरदाराच्या नोकरांनी त्याला बडवलं, आणि बास्तीयच्या तुरुंगात मात्र मार खाणाऱ्याचीच रवानगी झाली. देश सोडण्याच्या बोलीवर सुटून तो १७२६ मध्ये इंग्लंडला आला आणि दोनेक वर्षं राहिला. त्याची पहिली चार पत्रं क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या लोकांवर आहेत. पुढे लंडनचा शेअर बाजार येतो. तिथे ज्यू, मुसलमान आणि ख्रिस्ती एकमेकांशी एकाच धर्माचे असल्यासारखे व्यवहार करतात आणि काफिर म्हणतात ते फक्त दिवाळं काढणाऱ्याला. देवी टोचण्यावर एक अख्खं पत्र आहे. इंग्रजांचं एवढं कौतुक वाचून तो त्यांच्यावर भाळला होता असं वाटेल. थोडाफार भाळलाही असेल, पण खरा प्रकार लेकी बोले सुने लागे असा. न्यूटनला लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबी या चर्चमध्ये राजाच्या इतमामाने पुरलं, हे तो सांगतो. अ‍ॅन ओल्डफील्ड या नटीलाही त्याच ॲबीत जागा मिळाली, हेही सांगतो. ऐकणाऱ्या फ्रेंचांना ठाऊक होतं की ओल्डफील्ड वारली त्याच १७३० साली पॅरिसमध्ये अद्रियेन लकूव्रर या नटीला चर्चने साधं दफनसुद्धा नाकारलं होतं. सुनेला बरोबर लागलं: १७३४ मध्ये फ्रेंच आवृत्ती निघाली आणि पॅरिसच्या न्यायालयाच्या हुकमावरून ती जाहीरपणे जाळण्यात आली.

आता त्याच ॲबीत अल्तांगी जातो. एक भव्य समाधी पाहून तो विचारतो, हा थोर पुरुष कोण? सोबतचा माणूस सांगतो, थोर वगैरे काही नाही, पैसेवाला होता. मित्रांनी थोर म्हटलं, त्याला ते पटलं, आणि पैसे भरून त्याने जागा मिळवली. वर राजांच्या समाध्या पाहायला जायचे पैसे दारावरच मोजावे लागलेले! व्हॉल्तेरला या इमारतीत गुणांची कदर दिसली, गोल्डस्मिथला दुकानदारी. त्याचे वाचक लंडनकरच होते. त्यांना त्यांच्याच शहराचं कौतुक ऐकवून काय साधणार होतं?

माझ्या मते त्याचा सगळ्यात झोंबरा प्रसंग तुरुंगाच्या खिडकीशी घडतो. काळ फ्रान्सशी युद्धाचा. कर्जापायी आत पडलेला एक कैदी गजांआडून म्हणतो, फ्रेंच आले तर आपल्या स्वातंत्र्याचं कसं होणार? ओझं खाली ठेवून दम खाणारा हमाल म्हणतो, फ्रेंच म्हणजे गुलाम, ओझी वाहायच्याच लायकीचे. आणि शिपाई शिव्याशाप देत धर्माची काळजी करतो. इंग्रज लेखकाने हे स्वतःच्या नावाने लिहिलं असतं तर देशाभिमानाच्या त्या दिवसांत लोक त्याच्यावर खवळले असते. चिन्याच्या तोंडी घातलं की हसण्यावारी जातं.

मग सोंग ओळखायचं कसं? मी पोटापाण्याच्या गोष्टी शोधतो. १७८२ मध्ये कार्ल फिलिप मोरिट्झ हा जर्मन इंग्लंडात पायी हिंडला. पायी येणारा म्हणजे भणंग, अशा समजुतीने खानावळवाल्यांनी त्याला कुठे तुसडेपणाने वागवलं, कुठे दारातूनच वाटेला लावलं. लोण्याचा पाव विस्तवावर भाजून खातात आणि त्याला टोस्ट म्हणतात, याची त्याने कौतुकाने नोंद केली. पार्लमेंटात सभासद बाकांवर आडवे होऊन संत्री खातात, कठीण कवचाची फळं फोडतात, हेही त्याने पाहिलं. असल्या बारीकसारीक नोंदी उपहासाच्या फार कामाच्या नसतात, म्हणून सोंग घेणारा त्या सहसा करत नाही. अर्थात ही कसोटी सगळीकडे चालत नाही. व्हॉल्तेर खरा परका असूनही जेवणाखाण्याबद्दल जवळजवळ गप्पच आहे.

गोल्डस्मिथला मात्र या सोंगाची पुरती जाण होती. एका पत्रात एक बाई अल्तांगीला जेवायला बोलावते. चिनी माणूस म्हणून त्याच्यासाठी जमिनीवर उशी मांडते, अस्वलाचे पंजे आणि पक्ष्यांची घरटी खाणार का विचारते. तो खुर्ची मागतो, गोमांस पसंत करतो, आणि मंडळी हिरमुसतात. एक पाहुणा तर पौर्वात्य बोलणं कसं असतं यावर त्यालाच व्याख्यान देतो. हा अस्सल चिनी नाही असा संशय टेबलाभोवती पसरतो, आणि गंमत म्हणजे तो संशय खराच असतो.