हुकूम सरकारला, तुरुंगात कोण?

अवमान याचिका म्हटलं की न्यायाधीशांवर टीका करणारा कुणीतरी डोळ्यांपुढे येतो. प्रत्यक्षात सामनेवाला म्हणून अनेकदा नाव असतं ते एखाद्या सचिवाचं, आयुक्ताचं किंवा जिल्हाधिकाऱ्याचं. निकाल लागलेला असतो, अंमलबजावणी झालेली नसते.

ब्रिटिशांनी 1926 मध्ये अवमानाचा पहिला कायदा केला. शिक्षा : सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. 1952 चा कायदा आला, सान्याल समितीच्या 1963 च्या अहवालानंतर 1971 चा आला, दंडाची मर्यादा तीच राहिली. आजही तीच आहे. 1971 च्या कायद्याने दिवाणी आणि फौजदारी अवमान वेगळे केले. आदेश न पाळणं हा दिवाणी अवमान, मात्र तो हेतुपुरस्सर मोडला हे दिसायला हवं.

सरकारी खात्याला बाहेर पडायला वाट मिळते ती इथे. आदेश येतो, फाइल विधी व न्याय विभागाच्या अभिप्रायासाठी जाते, तिथून वित्त विभागाकडे. मध्येच साहेबांची बदली होते. नवे साहेब प्रतिज्ञापत्रात लिहितात, 'प्रस्ताव विचाराधीन आहे.' मग हेतू नेमका कुणाचा? याचिकाकर्ता स्मरणपत्रं पाठवत बसला, तर अवमानाची कारवाई सुरू करण्यासाठी कलम 20 ने दिलेली एक वर्षाची मुदतही हातची जाऊ शकते. तो वेळेत कोर्टात गेलाच, तर तारीख जवळ आल्यावर शासन निर्णय निघतो, सोबत बिनशर्त माफी. बहुतेक प्रकरणं तिथे मिटतात.

सरकार म्हणून सूट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1960 मध्येच बिहार सरकार विरुद्ध राणी सोनाबती कुमारी या जमीनदारीच्या खटल्यात सांगितलं होतं : मनाई हुकूम राज्यालाही बंधनकारक. पण राज्याला कोठडीत कसं टाकणार? हळूहळू न्यायालयांनी खुर्चीवरचा माणूस शोधायला सुरुवात केली. 1994 मध्ये अयोध्येतील बांधकामाच्या प्रकरणात उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना एक दिवसाची प्रतीकात्मक कैद आणि 2000 रुपये दंड झाला. पुढच्याच वर्षी कर्नाटकातील एका आयएएस सचिवाला महिनाभराची कैद झाली. कारण सेवेसंबंधीचा एक निकाल अमलात न आणणं, म्हणजे मंत्रालयांतलं रोजचंच.

महाराष्ट्राला हे जवळून दिसलं ते मे 2006 मध्ये. लाकूड गिरण्यांना परवानगी देण्यावर जंगलांच्या संरक्षणासंबंधीच्या गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाचे निर्बंध होते, तरी परवाने दिले गेले. वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिना साधी कैद झाली. माफी मागितली होती, पण वेळेवर आणि मनापासून मागितलेली नाही म्हणून ती नाकारली गेली. पदावरच्या मंत्र्याला अशी शिक्षा होणं हा धक्का होता, आणि माझ्या मते तो गरजेचा होता.

तरीही ऊठसूट अधिकाऱ्यांना कोर्टात उभं करण्यावर जानेवारी 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच आवर घातला आणि त्यांना बोलावण्याची कार्यपद्धती आखून दिली. मे 2025 मध्ये आंध्र प्रदेशातील एका डेप्युटी कलेक्टरने आधी तहसीलदार असताना, मनाई मोडून झोपड्या पाडल्याचं प्रकरण त्याच न्यायालयापुढे आलं. उच्च न्यायालयाने दिलेली कैद टळली, पण त्याला एक पायरी खाली उतरवून पुन्हा तहसीलदार केलं गेलं आणि वर एक लाखाचा दंड झाला.