हायड्राचे सूक्ष्मदर्शकीय निरीक्षण

हायड्रा (जलव्याल) हा गोड्या पाण्यात राहणारा, आंतरगुही संघाच्या (हल्लीचे नाव निडारिया) हायड्रोझोआ वर्गातील नळीसारखा लहान प्राणी आहे. ताणलेल्या अवस्थेत त्याची लांबी साधारणपणे ५ ते १५ मिमी. भरते, त्यामुळे तो नुसत्या डोळ्यांनाही दिसतो. मात्र धक्का लागताच तो आखडून जेमतेम ठिपक्याएवढा होतो आणि शेवाळात असून नसल्यासारखा होतो. त्याची द्विस्तरीय (बाह्यस्तर व अंतःस्तर यांची) शरीररचना, मुकुलन (अंगावर फुटव्यासारखा नवा जीव येणे) आणि प्रजननेंद्रिये यांचे वर्णन शालेय व महाविद्यालयीन पुस्तकांत सर्वत्र सापडते. येथे मुख्यतः निरीक्षणाचा इतिहास आणि तंत्र यांचा विचार केला आहे.

इतिहास : हायड्रा प्रथम कोणी पाहिला याचे श्रेय सामान्यतः डेल्फ्ट येथील आंतोनी व्हान लेव्हेनहूक यांना दिले जाते. पाण्यावर तरंगणाऱ्या लेम्ना या वनस्पतीच्या मुळांवर त्यांना हे प्राणी आढळले. डिसेंबर १७०२ मध्ये रॉयल सोसायटीला लिहिलेल्या पत्रात त्यांनी प्राण्याच्या अंगावर फुटणाऱ्या पिलांचे, म्हणजे मुकुलांचे, वर्णन केले. हे पत्र सोसायटीच्या नियतकालिकात १७०३ मध्ये छापले गेले. त्याच वर्षी त्याच नियतकालिकात एका निनावी इंग्रज गृहस्थाचे अशाच प्राण्याविषयीचे टिपणही प्रसिद्ध झाले, आणि त्याचे निरीक्षण कितपत स्वतंत्र होते यावर मतभेद संभवतो. छापील तारखांचा विचार केला तर लेव्हेनहूक यांचा अग्रहक्क मान्य करणे अधिक सयुक्तिक दिसते. तथापि दोघांच्याही लेखनाचा पुढे फारसा परिणाम झाला नाही. जवळजवळ चार दशके हा प्राणी विस्मृतीतच राहिला.

आब्राहाम ट्रेंब्ली (१७१०–८४) या जिनीव्हाच्या तरुण शिक्षकाला तो १७४० च्या उन्हाळ्यात पुन्हा सापडला. द हेगजवळील सॉर्गव्हलीट येथे बेंटिंक घराण्यातील दोन मुलांना शिकविण्यासाठी ते राहिले होते. तेथील पाण्यात प्रथम दिसलेले हायड्रा हिरवे होते, म्हणून ही वनस्पती असावी असे त्यांना वाटले. पण ते आखडत, ताणत आणि जागाही बदलत. शिवाय शुंडकांची (मुखाभोवतीच्या लांब सोंडांची) संख्या प्रत्येक नमुन्यात वेगळी, म्हणजे फांद्या-मुळांसारखी अनिश्चित होती. निकाल लावण्यासाठी त्यांनी तो आडवा कापला. दोन्ही तुकडे जगले तर वनस्पती, मेले तर प्राणी, असा त्यांचा सरळ तर्क होता. २५ नोव्हेंबर १७४० रोजी केलेल्या या पहिल्या छेदानंतर काही दिवसांतच दोन्ही तुकड्यांपासून पूर्ण हायड्रा तयार झाले आणि प्रश्न सुटण्याऐवजी अधिकच अवघड झाला. अखेरीस चालणे, भक्ष्य पकडणे आणि गिळणे हे पुरावे त्यांना निर्णायक वाटले व त्यांनी प्राणी असाच निष्कर्ष काढला.

ट्रेंब्ली यांनी डिसेंबर १७४० मध्ये पॅरिसचे निसर्गवैज्ञानिक रेओम्यूर यांना हे कळविले. पाठविलेली पहिली खेप वाटेतच मेली. दुसरी पोहोचल्यावर रेओम्यूर यांनी १७४१ मध्ये स्वतः छेद करून खात्री करून घेतली आणि फ्रेंच विज्ञान अकादमीपुढे हा शोध मांडला. पॉलिप हे नाव रेओम्यूर व बेर्नार द झ्युसिये यांनी सुचविले. लंडनमध्ये रॉयल सोसायटीचे अध्यक्ष मार्टिन फोक्स यांच्याकडे १७४३ मध्ये जिवंत नमुने आले आणि त्याच वर्षी सोसायटीने ट्रेंब्ली यांना कोप्ली पदक दिले. हेन्री बेकर यांनी तर घाईने प्रयोग करून १७४३ मध्येच पुस्तक छापले. ट्रेंब्ली यांचा स्वतःचा ग्रंथ १७४४ मध्ये लायडन येथे निघाला. त्यातील चित्रे प्येर ल्योने यांनी काढली असून आजही ती अभ्यासण्याजोगी आहेत. हायड्रा हे प्रजातिनाम लिनीअस यांनी ग्रीक पुराणातील अनेक मुंडक्यांच्या सर्पावरून रूढ केले. एक मुंडके छाटले की तेथे दोन उगवत अशी त्याची कथा आहे. हायड्रा विरिडिसिमा, हायड्रा (पुढे संक्षेपाने ‘हा.’) व्हल्गॅरिस आणि हा. ऑलिगॅक्टिस या आजही वापरात असलेल्या जातिनामांचे श्रेय प्राणिशास्त्रज्ञ पालास यांना (१७६६) जाते. ट्रेंब्ली यांचे पहिले, दुसरे व तिसरे ‘प्रकार’ अनुक्रमे याच जाती असाव्यात असे सामान्यतः मानतात.

ट्रेंब्ली यांचे साधन साधे होते. सांध्यांच्या दांडीवर बसविलेले एकच भिंग ते काचेच्या भांड्यासमोर सरकवीत, म्हणजे प्राणी भांड्यात तसाच राहत असे आणि भिंग त्याच्याकडे नेले जाई. कित्येक निरीक्षणांना भिंगही लागले नाही. भांड्याभोवती पुठ्ठ्याचे आवरण घालून त्यात कोनाच्या आकाराची फट ठेवली, तेव्हा हायड्रा त्या फटीसमोर जमून काचेवर तोच कोन उमटला. डोळे नसलेल्या प्राण्याची प्रकाशाकडील ओढ याहून कमी खर्चात सिद्ध करणे अवघड आहे.

उलथनाचा वाद : ट्रेंब्ली यांच्या प्रयोगांपैकी सर्वांत वादग्रस्त ठरला तो हायड्रा आतून बाहेर उलटविण्याचा. प्राण्याला अळी भरवून फुगवावयाचे आणि मग डुकराच्या राठ केसाच्या जाड टोकाने तळाचा भाग आत ढकलत मुखातून बाहेर काढावयाचा, म्हणजे पोटाची आतील बाजू बाहेर येते. बरेच प्राणी पुन्हा पूर्ववत होत, म्हणून ट्रेंब्ली यांनी काहींना मुखाजवळ केस आरपार टोचून ठेवले. असे प्राणी पुढे जगले, खाऊ लागले आणि त्यांना मुकुलही फुटले. यावरून आतील थर बाहेरच्याचे व बाहेरचा आतल्याचे काम करू शकतो असा अर्थ लावला गेला आणि तो शतकभर पाठ्यपुस्तकांत टिकला.

१८८० नंतर त्यावर गंभीर शंका घेतली गेली. जर्मनीतील मोरिट्झ नुसबाउम यांनी उलटविलेल्या प्राण्यांचे छेद तपासून असे मांडले की थरांच्या पेशी आपले स्वरूप बदलत नाहीत. बाहेरचा थर हळूहळू पुन्हा बाहेर येतो. फ्रायबर्ग येथे व्हाइसमान यांच्याकडे काम करणारे जपानी प्राणिशास्त्रज्ञ चियोमात्सु इशिकावा यांनी १८९० मध्ये, टोचलेला प्राणीदेखील केसावरून सरकत स्वतःला सुलटा करून घेतो, असे प्रतिपादन केले. १९३३ मध्ये रूडबुश यांनी तिसरी बाजू मांडली. त्यांच्या मते दोन्ही थरांतील पेशी सुट्या होऊन मधल्या मध्यश्लेषातून (मेसोग्लीआ) आरपार जातात आणि आपापल्या मूळ जागी पोहोचतात.

या मतांपैकी इशिकावा यांचे स्पष्टीकरण बहुसंख्य नमुन्यांना लागू पडत असावे, कारण केवळ अधूनमधून पाहिल्यास प्राणी केव्हा सुलटा झाला ते निरीक्षकाला कळत नाही. मात्र सर्वच निरीक्षणे त्याने उलगडतात असे म्हणता येत नाही. गीरर व सहकाऱ्यांनी १९७२ मध्ये हायड्राच्या पेशी पूर्ण सुट्या करून पुन्हा एकत्र आणल्या, तेव्हा त्या गोळ्यातील बाह्य व अंतःस्तराच्या पेशी आपोआप वेगळ्या होऊन योग्य जागी आल्या आणि पुढे त्यातून हायड्रा घडला. पेशी जागा ओळखतात ही नुसबाउम-रूडबुश यांच्या मतातील सामाईक बाजू यामुळे बळकट झाली. दोन थरांच्या उपकला-पेशींचे (थराचे आवरण बनविणाऱ्या पेशींचे) वंश परस्परांपासून स्वतंत्र राहतात हेही आता मान्य आहे. त्यामुळे एका थराचे दुसऱ्यात रूपांतर होते हा जुना समज सोडून द्यावा लागतो. ट्रेंब्ली यांनी प्रत्यक्ष पाहिलेल्या गोष्टींत मात्र चूक नव्हती. उलटलेला प्राणी जगतो हे खरेच आहे.

नमुने व तयारी : संथ तळी, विहिरी, कुंडे व ओढ्यांचे डोह यांतील पाणवनस्पती थोड्या पाण्यासह काचेच्या बरणीत आणून खिडकीजवळ, पण थेट उन्हाबाहेर ठेवतात. काही तासांत, कधी दुसऱ्या दिवशी, प्रकाशाकडील काचेवर हायड्रा ताणलेले दिसतात. आणल्याआणल्या बरणीत काही दिसत नाही म्हणून पाणी फेकून देण्याची घाई करू नये. प्राणी तळाच्या चकतीने घट्ट चिकटलेला असतो. ड्रॉपरच्या पाण्याच्या हलक्या झोताने तो सोडवून रुंद तोंडाच्या ड्रॉपरने उचलतात. नळाच्या पाण्यातील क्लोरीन आणि तांब्याचे अत्यल्प प्रमाणही त्याला घातक ठरते, म्हणून तळ्याचेच गाळलेले पाणी वापरणे बरे. प्रयोगशाळेत १८ ते २० से. तापमान व मोजून क्षार घातलेले शुद्ध पाणी वापरतात. खाद्य म्हणून आर्टेमिया या खाऱ्या पाण्यातील लहान कवचधारी प्राण्याची नुकती उबवलेली पिले देतात, पण ती मिठाच्या पाण्यात वाढलेली असल्यामुळे आधी गोड्या पाण्यात धुऊन घ्यावी लागतात.

जिवंत प्राण्यासाठी वॉचग्लास आणि १० ते ४० पट वर्धन पुरते. विच्छेदन सूक्ष्मदर्शक यासाठी सर्वांत सोयीचा. काचपट्टीवर घेताना आच्छादक काचेखाली मेणाचे किंवा प्लॅस्टिसिनचे बारीक पाय ठेवावे लागतात, नाही तर प्राणी चिरडतो. दिव्याच्या उष्णतेने थेंब तापला की तो आखडून बसतो, आणि पट्टी ठेवताच पाहू लागणाऱ्या विद्यार्थ्याला बहुधा नुसता गोळा दिसतो. काही मिनिटे थांबल्यावर शरीर लांबते आणि मग शुंडके सुटतात. अंधारी पार्श्वभूमी वापरल्यास शुंडकांवरील दंशकोशिकांचे (डंख मारणाऱ्या सूत्रयुक्त कोशांचे) पुंजके उजळ उठून दिसतात. ताणलेल्या अवस्थेतच स्थिर करावयाचा असल्यास युरेथेनच्या सौम्य द्रावणाने बधिर करून नंतर स्थिरक (ऊती आहे तशी टिकविणारे रसायन) घालतात. पेशींची मोजदाद करावयाची असल्यास डेव्हिड यांची १९७३ ची पद्धत रूढ आहे : ग्लिसरीन, ॲसेटिक अम्ल व पाणी यांच्या १ : १ : १३ मिश्रणात ऊती ठेवली की पेशी सुट्या होतात, पण त्यांचे आकार टिकून राहतात.

काय दिसते : कमी वर्धनाखाली मुकुल, चलन आणि भक्ष्यग्रहण दिसते. डॅफ्निया (पाणपिसू) शुंडकाला लागताच तिची धडपड मंदावते आणि शुंडके वळून तिला मुखाकडे नेतात. भक्ष्याच्या जखमांतून पाझरणाऱ्या ग्लुटाथायोन या पेशींतील रसायनामुळे मुख उघडते, हे लूमिस यांनी १९५५ मध्ये दाखविले. नुसते ग्लुटाथायोन पाण्यात घातले तरी उपाशी हायड्रा तोंड उघडतो. बंद अवस्थेत मुखाला कायमचे छिद्र नसते. तेथील पेशी परस्परांना सांधलेल्या असतात आणि प्रत्येक वेळी ती ऊती फाटून उघडते. या उघडण्यात पेशी जागा बदलत नसून ताणल्या जातात, असे २०१६ मध्ये चकाकणारी प्रथिने असलेल्या हायड्रांच्या चित्रीकरणातून कॅलिफोर्नियातील संशोधकांनी दाखविले.

दंशकोशिका पाहण्यासाठी ४०० पट किंवा त्याहून अधिक वर्धन लागते. शुंडकाचा तुकडा काचेखाली दाबून कडेने सौम्य ॲसेटिक अम्ल सोडल्यास त्यांतील सूत्रे सुटतात. हायड्रात त्यांचे चार प्रकार ओळखले जातात. त्यांपैकी काटेरी तळाचा स्टेनोटील हा मोठा प्रकार भक्ष्याचे कवच भेदतो, तर डेस्मोनीम हा लहान प्रकार भक्ष्याच्या केसांना वेटोळे घालतो. स्टेनोटीलच्या सुटण्याचा वेग डोळ्याला मुळीच टिपता येत नाही. २००६ मध्ये जर्मन संशोधकांनी अतिवेगवान कॅमेऱ्याने केलेल्या मापनानुसार काटा बाहेर पडण्याचा टप्पा सु. ७०० नॅनोसेकंदांचा असून त्वरण गुरुत्वत्वरणाच्या ५० लाख पटींहून अधिक भरते. कोशातील दाब वातावरणीय दाबाच्या सु. १५० पट असतो.

हिरव्या जातीत अंतःस्तराच्या पेशींत क्लोरेला या शैवलाचे गोल कण दिसतात. ते मुकुलातून थेट पुढील पिढीत जातात. हायड्राच्या अंगावर धावणारे केरोना व ट्रायकोडिना हे रोमकधारी आदिजीवही वारंवार आढळतात. त्यांना जुन्या निरीक्षकांनी ‘उवा’ म्हटले होते. नवख्याला ती हायड्राचीच पिले वाटण्याचा संभव असतो.

एथेल ब्राउन यांचे १९०९ चे कलम-प्रयोगही साध्या सूक्ष्मदर्शकाखालीच झाले. मुखाजवळचा तुकडा दुसऱ्या हायड्राच्या अंगात बसविल्यास तेथे नवा अक्ष उभा राहतो, आणि तो यजमानाच्या ऊतीपासून बनतो, हे त्यांनी हिरव्या व रंगहीन प्राण्यांच्या जोडणीतून दाखविले. भ्रूणविज्ञानातील संघटक-कल्पना (एक तुकडा भोवतालच्या ऊतीकडून नवा अक्ष घडवून घेतो ही कल्पना) स्पेमान व मँगोल्ड यांच्या १९२४ च्या निबंधाशी जोडली जाते. ब्राउन यांचे काम त्याच्या १५ वर्षे आधीचे आहे.

भारतातील अभ्यास : प्राणिशास्त्रज्ञ नेल्सन ॲनन्डेल यांनी १९०६ च्या सुमारास बंगालमधील हायड्राचे हा. ओरिएंटॅलिस या नावाने वर्णन केले, पण १९११ मधील आपल्या ग्रंथात त्यांनी तो हा. व्हल्गॅरिसमध्ये समाविष्ट केला. बाह्य लक्षणांवरून हायड्राच्या जाती ओळखणे किती अनिश्चित आहे ते यातून दिसते. रंग आणि आकार खाद्यानुसार व तापमानानुसार बदलतात. महाराष्ट्रातील गोड्या पाण्याच्या आंतरगुहींचा अभ्यास साताऱ्याच्या बाजूला, कृष्णेच्या उपनद्यांत सापडलेल्या लिम्नोक्निडा इंडिका या छत्रिकेपासून (जेलीफिश) सुरू झाला असे म्हणता येईल. तिच्या शोधाशी शंकर पुरुषोत्तम आघारकर यांचे नाव निगडित आहे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेतच पुढे हायड्राचे संवर्धन झाले. २०११ मध्ये तेथील संशोधकांनी स्थानिक हायड्राचे रचनेवरून व जनुकीय क्रमांवरून वर्णन केले; तो हा. व्हल्गॅरिस इंड-पुणे या नावाने ओळखला जातो. कोलांटी मारून चालण्याची त्याची रीत पुण्याच्याच आयसर (भारतीय विज्ञान शिक्षण व संशोधन संस्था) या संस्थेने अणुबल सूक्ष्मदर्शकाने (अतिसूक्ष्म टोकाने पृष्ठभाग चाचपणाऱ्या उपकरणाने) तपासली (२०२०). शुंडकांखालील ‘खांद्याचा’ भाग उर्वरित शरीरापेक्षा सु. तिप्पट ताठ असतो, आणि वाकलेले शरीर उभे होताना या ताठरपणाचा उपयोग होतो, असा त्यांचा निष्कर्ष आहे.