मोराय आणि मारासची अर्ध्या दिवसाची ट्रिप: निघण्याआधी हे एकदा वाचून ठेवा

नमस्कार मंडळी! आपल्या पेरूच्या टूरमधे तिसऱ्या दिवशी सकाळी जी मोराय-मारासची ट्रिप आहे तिच्याबद्दल सगळ्यात जास्त फोन येतात. तिथं नक्की बघायचं काय, चालायचं किती, माचू पिच्चू दोन दिवसांनी आहेच ना मग हे कशाला, आणि आईला झेपेल का. प्रत्येकाला फोनवर सांगताना काहीतरी राहून जातं, म्हणून यावेळी सगळं एकत्र टाईप करून पाठवतोय. लांबलंय जरा, पण विमानात वेळ असतोच.

थोडक्यात सांगायचं तर सकाळी ७ ला उरुबांबाच्या हॉटेलवरून निघायचं, आधी मोराय (गोल पायऱ्यांची जुनी शेतं), मग मारास गावातून खाली मिठागरं, आणि दुपारी एक-दीडपर्यंत जेवायला परत. गाडी आपलीच, ग्रुप जास्तीत जास्त 12 जणांचा, बरोबर आमच्यातलं एक जण मराठी बोलणारं आणि एक स्थानिक गाईडताई, ज्या याच भागात लहानाच्या मोठ्या झाल्यात आणि घरी केचुआ बोलतात. केचुआ म्हणजे इंकांच्या (स्पॅनिश लोक येण्याआधी इथं राज्य करणाऱ्यांच्या) राज्याची भाषा, आजही तिथल्या खेड्यापाड्यात रोजच्या बोलण्यात आहे.

मोरायला काय बघायचं

गाडी घाट चढून वर पठारावर आली की एकदम मोकळं मोकळं वाटतं, दोन्ही बाजूला बटाट्याची, गव्हाची, बार्लीची शेतं, मागे चिकॉनचं बर्फाचं शिखर, आणि मोराय मात्र शेवटच्या क्षणापर्यंत दिसतच नाही कारण ते जमिनीच्या वर नाहीये, खाली आहे. पार्किंगपासून चालत कडेला पोचलात की पायाखाली साधारण 30 मीटर खोल गोल खळगा उघडतो आणि त्याच्या भिंतीला वरपासून तळापर्यंत एकात एक दगडी वर्तुळं, प्रत्येक वर्तुळ म्हणजे एक शेताची पायरी. आपल्याकडच्या लोकांना बघता क्षणी बारव आठवते, आणि साताऱ्याजवळची लिंबची बारामोटेची विहीर ज्यांनी बघितलीय ते तर हमखास बोलून दाखवतात.

पण बारव आणि मोरायमधे एक मोठा फरक आहे आणि आमच्या मते या जागेची सगळी गंमत त्यातच आहे. बारवेत पाणी साठवायचं असतं. मोरायमधे पाणी साचू द्यायचं नाहीये! एवढा मोठा वाडग्यासारखा खळगा, उन्हाळी पाऊस चांगला बदाबदा पडतो, आणि तरी तळाशी तळं होत नाही. मूळ खळगे नैसर्गिक, खालचा दगड पाणी पिणारा, आणि त्यावर इंकांनी प्रत्येक पायरी भरताना खाली मोठे दगड, त्यावर खडी, मग वाळू आणि सगळ्यात वर दुरून आणलेली चांगली माती असे थर दिले. पिकाला लागेल तेवढा ओलावा राहतो, जास्तीचं पाणी खाली झिरपून जातं. वरून पाट काढून पाणी पायऱ्यांवर सोडायची सोय होती, त्या पाटांच्या खुणा गाईडताई दाखवतील, नुसत्या डोळ्यांनी चटकन कळत नाहीत.

दुसरी एक गोष्ट मुद्दाम शोधा. दोन पायऱ्यांच्या मधल्या भिंतीत तिरक्या रेषेत तीन-चार लांब दगड बाहेर आलेले दिसतील, भिंतीत ठोकलेल्या खुंट्यांसारखे. तो जिना आहे. वेगळा जिना बांधला असता तर शेताची जागा गेली असती, म्हणून भिंत रचतानाच लांब दगड आत अडकवून निम्मा बाहेर ठेवला, आणि पाठीवर ओझं घेऊन माणसं त्यावरून चढत-उतरत. आमच्यासारख्यांना दहा वेळा बघूनही प्रत्येक वेळी तिथं थांबावंसं वाटतं.

हे कशासाठी बांधलं हा प्रश्न पहिल्या पाच मिनिटात येतोच. तुम्ही व्हिडिओमधे "इंकांची शेती प्रयोगशाळा" असं ऐकलं असेल. ही कल्पना जॉन अर्ल्स नावाच्या मानववंशशास्त्रज्ञांनी वेगवेगळ्या पायऱ्यांवरच्या मातीचं तापमान मोजून मांडली. खळगा खोल, कडेची सावली वेगळी, वारा वेगळा, त्यामुळे वरच्या आणि तळाच्या पायरीत 15 अंशांपर्यंत फरक पडतो असं सांगतात, म्हणजे एकाच जागी थंड डोंगर आणि उबदार दरी दोन्हीची हवा. मग मका कुठल्या पायरीवर तगतो, बटाट्याची कुठली जात कुठे येते हे बघता येतं. इंकांना लिपी नव्हती, दोऱ्याच्या गाठींच्या किपूमधे हिशोब ठेवायचे, त्यामुळे "हे अमुकसाठी बांधलं" असा लेख कुठेच नाही, आणि काही अभ्यासक इथं शेतीबरोबर पूजाविधीही होत असणार असं म्हणतात. आपल्या गाईडताई दोन्ही बाजू सांगतात, आम्हाला तेच बरोबर वाटतं.

आणि एक घरगुती गोष्ट सांगतो, दर वेळी ग्रुपमधल्या काकू लोकांना ही सगळ्यात जास्त आवडते. आपली उपासाची साबुदाण्याची खिचडी घ्या. त्यातला बटाटा या अँडीज डोंगरातला, शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला, साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो कसावा दक्षिण अमेरिकेतला आणि हिरवी मिरचीही अमेरिकेतूनच आलेली. आपल्या एकादशीच्या ताटातलं निम्मं सामान समुद्र ओलांडून आपल्याकडे आलंय! आणि राजगिऱ्याचा जवळचा भाऊ इथं किविचा नावाने पिकतो, बाजारात त्याच्या लाह्या मिळतात, चव अगदी ओळखीची.

खाली वर्तुळांमधे आता उतरू देत नाहीत, कडेने आखलेल्या वाटेनेच फिरायचं. 2010 च्या जोरदार पावसात मोठ्या वर्तुळाचा एक भाग खचला होता, मग लाकडी टेकू देऊन सावरावा लागला, त्यामुळे हा नियम योग्यच आहे, कृपया फोटोसाठी दोरीच्या पलीकडे जाऊ नका. सावकाश फिरून साधारण तासभर लागतो. वाटेत थोडा चढ-उतार आहे, ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी पहिल्याच कठड्यापाशी बसलं तरी मोठं वर्तुळ पूर्ण दिसतं, काही चुकत नाही.

मग मारासची मिठागरं

मोरायहून परत येताना मारास गावात दहा मिनिटं थांबतो. स्पॅनिश काळातल्या घरांच्या दगडी चौकटींवर कोरीव काम आहे, कुळांची चिन्हं आहेत, ती बघायची आणि निघायचं. तिथून रस्ता दरीच्या कडेने खाली उतरतो आणि एका वळणावर ड्रायव्हरदादा स्वतःहूनच गाडी हळू करतात. खाली अख्ख्या उतारावर मिठाचे वाफे. तीन हजारांहून जास्त. एकाखाली एक, कुठे खोलीएवढा कुठे दोन चटयांएवढा, आणि एकाचाही रंग दुसऱ्यासारखा नाही, नुकतं पाणी भरलेला चहासारखा तपकिरी, जरा सुकलेला फिकट गुलाबी, आणि काढायला आलेला असा पांढरा की गॉगलशिवाय बघवत नाही.

मिठागर हा शब्द आपल्याला नवीन नाही. मुंबईकरांनी भांडुप-मुलुंडची बघितलीयत, पेण-उरण-वसईची माहीत आहेत, शिरोड्याचा 1930 चा मिठाचा सत्याग्रह शाळेत शिकलोय. पण आपली मिठागरं समुद्रकाठची, भरतीचं पाणी आत घ्यायचं आणि कोंडायचं. इथं समुद्र डोंगरांच्या पार पलीकडे आणि आपण तीन हजार मीटरच्या वर! खारं पाणी येतं ते डोंगराच्या पोटातून. कोरीपुहियो नावाचा झरा आहे, पोटातल्या जुन्या मिठाच्या थरांमधून वाहत आल्यामुळे ते पाणी समुद्राहून कितीतरी खारट, जरासं कोमट, आणि धार बघाल तर एखाद्या पाटाएवढीच. त्या एवढ्याशा धारेवर सगळे वाफे चालतात.

वाटेच्या कडेने तो पाट वाहतो तिथं जरा खाली वाकून बघा. पाण्याच्या दोन्ही काठांना मिठाचा कड जमलेला असतो, दुधाच्या पातेल्याच्या कडेला सायीचा कड राहतो ना अगदी तसा, आणि मधे एखादी गवताची काडी पडली असेल तर तिच्यावरही पांढरे खडे धरलेले.

काम कसं चालतं ते असं. प्रत्येक वाफ्याला पाटाच्या बाजूने एक छोटं तोंड असतं, दगड-माती लावून ते बंद करायचं किंवा काढून उघडायचं. वाफा भरला की तोंड बंद. ऊन आणि वारा पाणी उडवतात, काही दिवसांनी पुन्हा भरायचा, पुन्हा सुकू द्यायचा, असं महिनाभर केल्यावर वीतभर नाही पण चांगला चार बोटं जाडीचा थर बसतो. मग तो ठोकून फोडायचा, खरवडून गोळा करायचा, पोत्यात भरायचा आणि पोतं पाठीवर घेऊन अरुंद बांधांवरून वर आणायचं. वरचा थर सगळ्यात शुभ्र आणि नाजूक, मधला गुलाबीसर, तळाचा मातकट, तो खाण्यापेक्षा अंघोळीच्या आणि इतर कामाला जातो.

मोरायला पाणी घालवायचं कसब बघितलं, इथं पाणी अडवायचं कसब. दोन्ही एकाच सकाळी बघायला मिळतात म्हणून आम्ही या ट्रिपमधे तिसरं ठिकाण घुसवत नाही. बरेच जण याच वेळात चिंचेरो गावातलं विणकामही दाखवतात, आणि ते सुंदर आहे यात वाद नाही, पण मग मिठागरांना पंचवीस मिनिटं उरतात आणि माणसं फोटो काढून गाडीत बसतात. चिंचेरो आपण कुस्को शहराला जाताना वेगळं घेतलंय.

एक गोष्ट मनापासून सांगायचीय. हे म्युझियम नाहीये. वाफे मारास आणि पिचिंगोतो या गावांमधल्या कुटुंबांचे आहेत, आईबापांकडून मुलांकडे आलेले, इंकांच्याही आधीपासून इथं मीठ काढतात. तुम्ही जाल तेव्हा कोणीतरी गुडघ्यापर्यंत पँट दुमडून काम करत असेल. त्यांचा क्लोजअप फोटो हवा असेल तर आधी विचारा, गाईडताई विचारून देतील, नाही म्हणाले तर नाही. आधी पर्यटक वाफ्यांच्या बांधांवरून चालत जायचे, मीठ खराब व्हायला लागलं म्हणून 2019 पासून ते बंद केलंय, आता वरच्या वाटेवरून आणि ठरलेल्या जागांवरूनच बघायचं. जुने फोटो बघून "आम्हालाही मधे उभं राहून फोटो पाहिजे" असा आग्रह काही जण करतात, प्लीज नको. खाण्याचं मीठ आहे ते.

मीठ घ्यायचं असेल तर इथंच घ्या, पैसे थेट गावात राहतात. छोट्या पिशव्या मिळतात, मीठ लावलेलं चॉकलेट आणि केळ्याचे चिप्सही. पिशवी मोठ्या बॅगेत टाका, हातातल्या बॅगेत पांढरी पावडर बघून एअरपोर्टवर उगाच थांबवतात.

कधी यायचं

मे ते ऑक्टोबर. या महिन्यांत तिकडे कोरडं असतं, वाफे पांढरे असतात, काम चालू असतं. आम्ही पहिल्या वर्षी फेब्रुवारीत ग्रुप नेला होता, तिकडचा पावसाळा, सगळे वाफे गढूळ पाण्याने भरलेले आणि काम बंद, लोक एवढ्या लांबून येऊन हिरमुसले. ती चूक आमची होती, तेव्हापासून नोव्हेंबर ते मार्च आम्ही बुकिंगच घेत नाही, कितीही स्वस्त तिकीट मिळत असलं तरी.

तब्येतीचं मात्र सीरियसली घ्या

मोराय साधारण 3,500 मीटरवर आहे. आपलं कळसूबाई 1,646 मीटर, म्हणजे त्याच्या दुपटीपेक्षा जास्त. हवा विरळ, चार पावलं भरभर चाललं की धाप लागते, तरुणांनाही लागते. म्हणूनच कुस्कोला उतरल्यावर (ते 3,400 मीटर) आपण तिथं राहत नाही, सरळ खाली उरुबांबाला येतो, ते 2,900 मीटरच्या आत आहे, दोन रात्री तिथं काढून मगच ही ट्रिप. बीपी, हृदय, दमा असेल तर बुकिंगआधी तुमच्या डॉक्टरांना उंचीचा आकडा सांगून विचारा, गोळी घ्यायची की नाही ते तेच ठरवतील, व्हॉट्सॅपवरच्या सल्ल्याने घेऊ नका. आदल्या रात्री हलकं जेवण, दारू नको, पाणी भरपूर. डोकं दुखायला लागलं किंवा मळमळलं तर लगेच सांगा, लपवून ठेवू नका, एक गाडी खाली परत न्यायची तयारी आमची कायम असते आणि त्याने कोणाचीही ट्रिप बिघडत नाही.

हॉटेलात कोकाच्या पानांचा चहा देतील, तिकडे तो रोजचा आणि कायदेशीर आहे, आवडला तर तिथं प्या. पण त्या टीबॅग्ज भारतात आणू नका. आपल्याकडे कोकाचं पान अंमली पदार्थांच्या कायद्यात येतं, एका पुडक्यासाठी कस्टममधे अडकायचं काही कारण नाही.

कपडे एकावर एक घाला, सकाळी ७ ला स्वेटर आणि कानटोपी लागते आणि ११ ला टी-शर्टवर येता. टोपी, गॉगल, सनस्क्रीन नक्की, उंचीवरचं ऊन लागतंय हे कळत नाही आणि मिठावरून ते उलटं तोंडावर येतं. बूट रबरी सोलचे. सुटे पैसे (तिकडचं चलन, त्यालाही सोलच म्हणतात) जवळ ठेवा, टॉयलेटला आणि टपरीवर कार्ड चालत नाही.

तिकिटांचं आम्ही बघतो. मोराय कुस्कोच्या पर्यटन तिकिटात येतं, ते 10 दिवस चालतं आणि त्यात 16 ठिकाणं आहेत, पुढच्या दिवसांत परत लागणार आहे म्हणून जपून ठेवा. मिठागरांची एंट्री वेगळी, तीही पॅकेजमधे धरलीय.

जेवण उरुबांबात. शाकाहारी मंडळींसाठी किन्वाचं सूप, बटाटे, मोठ्या दाण्यांचं मक्याचं कणीस आणि त्याबरोबर ताजं चीज असं ठरवलेलं असतं. कांदा-लसूण न खाणारे, जैन किंवा त्या दिवशी उपास असणारे यांनी निघण्याच्या किमान आठवडाभर आधी कळवा, किचनला आधी सांगितलं तर ते वेगळं भांडं वापरतात, ऐनवेळी सांगितलं तर नुसता उकडलेला बटाटा मिळतो.