फाळणी, कल्याण कॅम्प आणि सिंधी कढी

सिंध १९३६ पर्यंत मुंबई इलाख्यातच होता. कराची-मुंबई बोटीचा मार्ग रुळलेला होता. त्यामुळे फाळणी झाल्यावर, विशेषतः जानेवारी १९४८ मधल्या कराचीच्या दंगलीनंतर, हिंदू सिंधी कुटुंबं मुंबई बंदरात उतरू लागली. पंजाब आणि बंगाल दुभंगले, तरी त्यांचा एकेक भाग भारतात राहिला. सिंध मात्र अख्खा गेला. परतायला मुलूखच नसलेल्या या माणसांना सरकारने कल्याणजवळच्या महायुद्धकालीन लष्करी बराकींत ठेवलं. ८ ऑगस्ट १९४९ रोजी त्याच वस्तीचं, म्हणजे कल्याण कॅम्पचं, उल्हासनगर झालं. तिथले पत्ते आजही कॅम्पच्या नंबराने सांगतात.

सिंधू नदीचा पल्ला मासा मागे राहिला. बेसन, मैदा, हरभऱ्याची डाळ आणि पापड मात्र कुठेही मिळतात किंवा करता येतात, आणि निर्वासितांचं स्वयंपाकघर त्यांवरच उभं राहिलं. पकवान, म्हणजे डाळीसोबत खायची मैद्याची कुरकुरीत तळलेली पुरी, तर विकायलाही सोयीचं, कारण नीट तळलं तर ते डब्यात चांगलं टिकतं. २ वाट्या मैद्याला २ मोठे चमचे तेलाचं मोहन, जिरं, मीठ. पीठ घट्ट हवं. लाटून काट्याने सगळीकडे टोचे मारायचे, नाहीतर ते पुरीसारखं फुगतं आणि गार झाल्यावर मऊ पडतं. आच मंद ठेवावी; मोठ्या आचेवर वरून रंग येतो, पण आतून चामट राहतं. सोबतची हरभऱ्याची डाळ बोटाने दाबली की मोडावी, पण दाणा दिसला पाहिजे.

सिंधी कढीत दही नसतं. चौघांसाठी ४ मोठे चमचे बेसन तेलात तांबूस होईपर्यंत भाजायचं. इथे घाई केली की कढी कच्चट लागते. मग ५-६ वाट्या पाणी, बटाटा, गवार, शेवग्याच्या शेंगा आणि परतलेली भेंडी. आंबट अगदी शेवटी, कारण ते आधी पडलं तर भाज्या शिजायचं नाव घेत नाहीत. हे आंबट मूळचं चिंचेचं. कोकणाच्या शेजारात अनेक घरांत त्याची जागा आमसुलांनी घेतली. हा बदल आम्हाला फार मोलाचा वाटतो: चव इथली झाली, पदार्थ सिंधीच राहिला.

पावाचंही तसंच. लसूण-कोथिंबिरीच्या रश्श्यात शिळ्या पोळीचे तुकडे शिजवायची पद्धत जुनी होती. मुंबईत त्यात लादीपाव आला. पाव आदल्या दिवशीचाच घ्यावा, ताज्याचा लगदा होतो.