आकाशगोल उलटा छापलेला नाही

"गोल सुंदर आहे हो, पण मृग नक्षत्र उलटं आलंय. बदलून द्या." आम्ही आकाशगोल, म्हणजे ताऱ्यांचा नकाशा चिकटवलेले गोल, बनवतो. हा फोन आम्हाला वर्षभर येतो, आणि थंडीत मृग संध्याकाळी वर आला की जास्तच येतो. फोन आला तर बरं, कारण दोन मिनिटांत उलगडा होतो. अडचण होते ती न विचारता गोल परत पाठवला की. म्हणून हे माहितीपत्रक आता प्रत्येक खोक्यात घालतो. गोल स्टँडवर चढवण्याआधी एवढं वाचा.

तुम्ही पाहिलंत ते बरोबरच आहे. फेब्रुवारीच्या सुरुवातीला रात्री नऊच्या सुमारास दक्षिणेकडे तोंड करून उभं राहा. मृग जवळजवळ डोक्यावर असतो. त्याच्या पोटातल्या बाणाचे तीन तारे धरून डावीकडे खाली उतरलं की व्याध सापडतो. आता आमचा गोल बघा. इथे व्याध बाणाच्या उजवीकडे आहे. रोहिणी आकाशात उजवीकडे वर, गोलावर डावीकडे वर. सगळं आरशात पाहिल्यासारखं.

कारण साधं आहे. आकाश आपण आतून बघतो आणि हा गोल बाहेरून. घुमटाच्या आतल्या बाजूला काढलेलं चित्र घुमटाबाहेरून आरपार दिसलं, तर डावं-उजवं बदलणारच. आकाशगोल म्हणजे तोच घुमट, हातात मावेल एवढा केलेला. तुमची जागा गोलासमोरच्या खुर्चीत नाही, गोलाच्या ऐन मध्यावर आहे. मनाने तिथे जाऊन बसा आणि तिथून बाहेर बघा, मृग सरळ दिसेल.

ही पद्धत आम्ही काढलेली नाही. इटलीत नेपल्सच्या पुरातत्त्व संग्रहालयात ॲटलस या ग्रीक पुराणातल्या दैत्याचा संगमरवरी पुतळा आहे, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला, खांद्यावर आकाश पेलून वाकलेला. त्या गोलावरची राशीचित्रं बाहेरूनच दाखवली आहेत, आणि त्यातल्या माणसांच्या पाठी आपल्याकडे आहेत. ती माणसं पृथ्वीकडे, म्हणजे आतल्या बाजूला तोंड करून उभी आहेत. ही एक गोष्ट लक्षात आली की गोलाचं सगळं गणित उमगतं. इराणमध्ये मराघा वेधशाळेशी संबंधित कारागिराने तेराव्या शतकात घडवलेला पितळी गोल आज जर्मनीत ड्रेस्डेनला आहे, तोही बाहेरूनच बघायचा. मुघल काळात लाहोरच्या एका घराण्याने पिढ्यान् पिढ्या असे धातूचे गोल केले, तेही सांधा नसलेले. मेणाचा पोकळ गोल करून त्यावर मातीचा साचा चढवायचा, मेण वितळवून काढायचं आणि त्या जागी धातू ओतायचा, की आतून पोकळ, अखंड गोल हाती येतो. आम्ही कागद चिकटवणारी माणसं. दोन अर्धगोल न जोडता एवढी सफाई कशी साधली असेल, याचं आम्हाला आजही नवल वाटतं.

कागदाचे गोल आले ते छपाईनंतर. त्याआधीचा, न्युरेंबर्गला असलेला मार्टिन बेहाइमचा १४९२ सालचा पृथ्वीगोल हाताने रंगवलेला आहे. आज टिकून असलेला तो सर्वांत जुना पृथ्वीगोल, आणि त्यावर अमेरिका नाही. १५०७ मध्ये जर्मन नकाशाकार वाल्डझेम्युलरने पृथ्वीचा नकाशा बारा उभ्या पट्ट्यांत छापला. मधे रुंद, दोन्ही टोकांना निमुळत्या. आमच्याकडे त्यांना पाकळ्या म्हणतात. त्या पाकळ्यांवर 'अमेरिका' हे नाव आहे. पुढे मर्केटर या नकाशाकाराने १५४१ मध्ये सुमारे ४२ सेंटिमीटरचा पृथ्वीगोल केला आणि दहा वर्षांनी, १५५१ मध्ये, त्याच मापाचा आकाशगोल. खगोलशास्त्रज्ञ टायको ब्राहेकडे शिकलेल्या विलेम ब्लाउने ॲमस्टरडॅममध्ये हाच धंदा मोठा केला. पृथ्वी आणि आकाश जोडीने विकायची रीत युरोपात पुढे शेकडो वर्षं चालली.

ही जोडी शेजारी ठेवली की आणखी एक गोष्ट दिसते. आपल्या पृथ्वीगोलावर पूर्व उजवीकडे असते. आकाशगोलावरही पूर्व उजवीकडेच येते. दोन्ही एकाच बाजूने वाचता येतात, एकावरचं दुसऱ्यावर मोजता येतं. आकाश 'सरळ' छापलं तर हा मेळ मोडेल आणि जो गोल मिळेल तो कुठल्याच आकाशाचा नसेल. दोन शाळांनी तसा छापून मागितला होता. आम्ही नकार दिला, आणि पुढेही देऊ.

आकाश सरळ दिसायला हवं असेल तर आतच शिरावं लागतं. जर्मनीतल्या गोटोर्फच्या ड्यूकसाठी १६५० ते १६६४ या काळात ३ मीटरहून जास्त व्यासाचा गोल केला होता. माणसं आत बाकावर बसायची आणि गोल त्यांच्याभोवती फिरायचा. तो आज सेंट पीटर्सबर्गला आहे. आपल्याकडची तारांगणं याच जातीची: पुण्यात टिळक रस्त्यावरच्या न्यू इंग्लिश स्कूलमधलं १९५४ चं, वरळीचं नेहरू तारांगण १९७७ चं. तिथे घुमटाखाली बसून जे बघता ते सरळ असतं आणि तसंच हवं. उलट न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल स्थानकाच्या छतावर १९१३ मध्ये राशी उलट्या रंगवल्या गेल्या. लोक खालून, म्हणजे आतून बघतात, म्हणून ती चूक ठरते. आमच्या गोलावर तीच मांडणी बरोबर आहे.

आता कामाचं. गोल घरी आल्यावर शेजारी हातातला आरसा धरा. आरशातला मृग आणि गच्चीवरचा मृग तंतोतंत जुळतात, मुलांना तर हे फार आवडतं. फोनवर गोलाचा फोटो काढून त्याचं डावं-उजवं उलटवलं (फ्लिप केलं) तरी चालतं, फक्त अक्षरं उलटी होतात. एवढं करून समाधान झालं नाही तर आमच्याकडे पारदर्शक ॲक्रिलिकचा आकाशगोल आहे. त्याच्या समोरच्या बाजूतून पलीकडची बाजू बघितली की तारे आतून दिसतात. भास्कराचार्यांनीही सिद्धांतशिरोमणीत गोल बांधायला सांगितला तो बांबूच्या सरळ कामट्यांच्या कड्यांचा, मधे पृथ्वी असलेला. चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखात त्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी मठ स्थापल्याची नोंद आहे. तिकडे सहल जाणार असेल तर शिक्षकांनी हा पारदर्शक गोल आधी वर्गात जरूर दाखवावा.

न विचारता परत पाठवू नका असं का म्हणतो, तेही सांगतो. आमच्या ३० सेंटिमीटरच्या गोलावर बारा पाकळ्या असतात, प्रत्येक मधे ७.८५ सेंटिमीटर रुंद आणि ४७ सेंटिमीटर लांब. खळ लावली की कागद फुगतो, आणि एका दिशेला जास्त फुगतो, म्हणून पाकळी आधीच किंचित कमी मापाची छापावी लागते. ती बोटांनी ताणत, विषुववृत्तावरून ध्रुवाकडे बसवायची. ध्रुवावर टोकं नीट जुळत नाहीत, म्हणून वर वेगळी गोल टोपी. मग व्हार्निशचे हात, आणि प्रत्येक हातामागे वाळायला वेळ. मागच्या पावसाळ्यात 'उलटा' म्हणून परत आलेल्या एका गोलाची उत्तरेकडची टोपी खोक्यात दबून बसली होती. ध्रुवमत्स्याचं शेपूट चुरगळलं होतं. टोपी आणि तिला लागून असलेल्या तीन पाकळ्या भिजवून काढून नव्याने लावायला आमचे पाच दिवस गेले, आणि गोलात मुळात दोष नव्हताच.

तेव्हा 'उलटा दिसतो' एवढ्याच कारणासाठी गोल परत घेत नाही. पाकळ्यांच्या सांध्यावर रेघ १ मिलिमीटरपेक्षा जास्त सरकलेली असेल, तारा दोनदा छापलेला असेल, गोल आसावर अडकत असेल, तर जाण्यायेण्याचा खर्च आमचा. केसाएवढा फरक मात्र हातकामात राहतोच. पुसायला कोरडं मऊ फडकं वापरा. ओलं फडकं किंवा काच पुसायचा फवारा लावला की सांध्यात पाणी शिरतं आणि पाकळीची कड उचलते. कड उचलली तर घरच्या डिंकाने चिकटवू नका, तशीच ठेवून आम्हाला कळवा.

आजोबांच्या वेळचा गोल घरात असेल तर तोही दाखवायला आणा. ताऱ्यांच्या जागा साधारण ७२ वर्षांत एका अंशाने सरकतात, त्यामुळे आकाशगोल कुठल्या काळासाठी आखला होता ते मोजून सांगता येतं. पृथ्वीगोलाचं वय देशांच्या नावांवरून कळतं. बघण्याचे पैसे घेत नाही. शनिवारी दुपारी कार्यशाळेत पाकळ्या लावायचं काम चालू असतं. मुलांना घेऊन या, टेबलावर आरसा ठेवलेलाच असतो.