परिसंस्थेचा चिवटपणा

परिसंस्थेचा चिवटपणा : वणवा, कीड, दुष्काळ, पूर, अतिमासेमारी असे आघात सोसूनही आतील परस्परसंबंध तुटू न देता टिकून राहण्याची परिसंस्थेची क्षमता. इंग्रजी ‘रेझिलियन्स’ या संज्ञेला परिस्थितिविज्ञानातील हा अर्थ कॅनडाचे परिस्थितिवैज्ञानिक क्रॉफर्ड स्टॅन्ली हॉलिंग (१९३०–२०१९) यांनी १९७३ मधील एका लेखात दिला आणि पुढील सुमारे तीस वर्षांच्या ग्रंथलेखनातून तो पर्यावरणीय धोरणापर्यंत नेला.

संज्ञा : मराठीत स्थितिस्थापकता, लवचीकता, प्रतिक्षमता असे पर्याय आढळतात. पैकी स्थितिस्थापकता हा शब्द परिचित असला, तरी येथे तोच सर्वांत जास्त दिशाभूल करतो. पदार्थविज्ञानात ताण काढताच पदार्थ मूळ आकारात येणे म्हणजे स्थितिस्थापकता. इंग्रजी शब्दाचा पूर्वेतिहासही असाच आहे. त्याच्या लॅटिन मुळाचा अर्थ ‘उसळून मागे येणे’ असा असून इंग्लिश अभियंते टॉमस ट्रेडगोल्ड यांनी १८१८ मध्ये तो इमारती लाकडाच्या संदर्भात वापरला. हॉलिंग यांनी मात्र समतोलाकडे परत येण्याच्या गुणाला ‘स्थैर्य’ म्हटले आणि ‘रेझिलियन्स’ त्याहून वेगळा काढला. जीवसंख्या वर्षागणिक प्रचंड खालीवर होणारी, म्हणजे स्थैर्य अगदी कमी असलेली परिसंस्थाही शतकानुशतके तगून राहू शकते, हा त्यांच्या मांडणीचा गाभा. परिस्थितिवैज्ञानिक स्टुअर्ट पिम यांनी १९८४ मध्ये हीच संज्ञा समतोलाकडे परतण्याच्या वेगासाठी वापरल्याने दोन अर्थ शेजारी शेजारी नांदू लागले. १९९६ मध्ये हॉलिंग यांनी त्यांना अनुक्रमे ‘परिस्थितिकीय’ आणि ‘अभियांत्रिकी’ अशी विशेषणे दिली. यांतील दुसरे पिम यांच्या अर्थाला लागू होते. हरळी चिवट आहे असे शेतकरी म्हणतो, तेव्हा ती जुन्या आकारात परतते असे त्याला सुचवायचे नसते. खुरपली, वाळली, तुडवली तरी ती जात नाही, एवढेच त्याला म्हणायचे असते. हॉलिंग यांचा अर्थ याला अधिक जवळचा वाटल्याने प्रस्तुत नोंदीत चिवटपणा हा शब्द योजला आहे.

उगम : ही कल्पना गणिती प्रतिमानांतून आली की रानातल्या निरीक्षणांतून, याविषयी एकवाक्यता नाही. हॉलिंग यांचे आरंभीचे काम भक्षक आणि भक्ष्य यांच्या संबंधांवर होते. १९५९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात त्यांनी तीन फूट चौरस टेबलावर सँडपेपरच्या चकत्या लावून डोळे बांधलेल्या व्यक्तीला बोटाने ठोकत त्या शोधायला लावल्या. चकत्या वाढवल्या तशी सापडणाऱ्या चकत्यांची संख्या वाढली, पण वाढीचा वेग मंदावत गेला, कारण प्रत्येक चकती उचलून बाजूला ठेवण्यात वेळ जाई. भक्ष्याची घनता आणि भक्षणाचा वेग यांचे नाते सरळ रेषेचे नसते, हे त्यातून सूत्रात मांडता आले; आणि अशी वक्र नाती असली की एकाच परिसंस्थेला एकाहून अधिक समतोलावस्था संभवतात. अनेक समतोलावस्थांची चर्चा अमेरिकी जीववैज्ञानिक रिचर्ड लेवोंटिन यांच्या १९६९ मधील निबंधातही आहे. त्यामुळे कल्पनेचे संपूर्ण श्रेय एकट्या हॉलिंग यांना देण्यापेक्षा, तिला नाव आणि धोरणात्मक वजन त्यांनी दिले असे म्हणणे अधिक सयुक्तिक ठरेल.

रानातला मुख्य दाखला पूर्व कॅनडातील बडवर्म या अळीचा. १८ व्या शतकाच्या आरंभापासून तिचे सहा उद्रेक झाल्याची नोंद १९७३ च्या लेखात आहे. उद्रेकात पक्व बाल्सम फर वृक्ष मोठ्या संख्येने मरतात. स्प्रूस आणि बर्च यांची हानी तुलनेने कमी होते. उद्रेक शमला की फरची रोपे दाटीने वाढून स्प्रूस-बर्चला मागे सारतात. अळी नसती, तर फरने दोघांनाही हटवले असते. म्हणजे जी कीड जंगल उजाड करते असे दिसते, तिच्यामुळेच त्या जंगलातील विविधता टिकून आहे.

धोरण : न्यू ब्रन्सविक प्रांतात १९५२ पासून या अळीवर विमानांतून डीडीटी फवारले गेले. झाडे वाचली, पण अळीला पोषक असे पक्व जंगलही विस्तीर्ण क्षेत्रावर उभे राहिले आणि फवारणी थांबवणे अवघड झाले. एकच घटक ताब्यात ठेवण्याच्या या रीतीऐवजी प्रत्येक धोरण हा प्रयोग मानावा, परिणाम मोजावेत आणि धोरण बदलावे, असे प्रतिपादन हॉलिंग यांनी संपादित केलेल्या ‘अ‍ॅडॅप्टिव्ह एन्व्हायर्न्मेंटल असेसमेंट अँड मॅनेजमेंट’ (१९७८) या ग्रंथात आहे. लान्स गंडरसन यांच्यासह संपादित ‘पॅनार्की’ (२००२) मध्ये वाढ, साठवण, विमोचन (साठलेले एकदम मोकळे होणे) आणि पुनर्रचना या चार अवस्थांचे चक्र समाजसंस्थांनाही लावले आहे. हा विस्तार विचारप्रवर्तक असला, तरी पहिल्या ग्रंथाइतका तपासण्याजोगा नाही. अमेरिकेतील ग्लेन कॅन्यन धरणातून मार्च १९९६ मध्ये सात दिवस सोडलेला कृत्रिम पूर हे पहिल्या ग्रंथात सुचवलेल्या प्रयोगशील व्यवस्थापनाचे परिचित उदाहरण होय.

एक घटक दूर केल्याने परिसंस्था कशी बदलते, यासाठी भारतात परिस्थितिवैज्ञानिक माधव गाडगीळ यांच्या लेखनात भरतपूरच्या केवलादेव पाणथळीचा दाखला वारंवार येतो. तेथे १९८२ मध्ये म्हशींच्या चराईवर बंदी आली. त्यानंतर पास्पॅलम गवत माजून तळी भरली आणि पाणपक्ष्यांना उघडे पाणी कमी पडू लागले. मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घ अभ्यासाने म्हशींची चराई पाणथळीला उपकारक असल्याचा निष्कर्ष काढला.